गावच्या हापशीला कलम २१ लागू आहे का?

प्रश्न थोडक्यात असा आहे: "मी नागपुरात नोकरीला आहे. भाड्याच्या खोलीतही नळाला पाणी असतं. आईवडील यवतमाळ जिल्ह्यात, झरी-जामणी तालुक्यातल्या आमच्या गावी राहतात. तिथल्या हापशीच्या पाण्यात फ्लोराइड आहे हे मी शाळेत असल्यापासून ऐकतोय. पुतणीच्या दातांवर पिवळे पट्टे आलेत. नळयोजना कागदावर पूर्ण झाली आहे, नळ कोरडे आहेत. शहरातल्या लोकांना स्वच्छ पाण्याचा कायदेशीर हक्क आहे असं वाचलं. तो आमच्या गावाला आहे का? असेल तर दाद कुणाकडे मागायची?"

हक्क आहे, आणि शहराला आहे तेवढाच आहे. तो राज्यघटनेच्या कलम २१ मधून आलेला आहे आणि त्या कलमात कुठल्याही "व्यक्ती"च्या जीविताची गोष्ट आहे. ती व्यक्ती नागपुरात राहते की पोडावर, म्हणजे आदिवासी वस्तीवर, याची चौकशी नाही. पण मी एवढंच सांगून थांबले तर तुम्ही ते चावडीवर वाचून दाखवाल, आणि सचिव म्हणेल, "बरोबर आहे भाऊ. मंग?" तालुक्याच्या कोर्टात वकिली करताना माझी सत्तावीस वर्षं त्या "मंग"शी झटण्यात गेली आहेत, म्हणून जरा लांबण लावते.

आधी एक गंमत सांगते. घटनेत "पिण्याच्या पाण्याचा हक्क" असे शब्द शोधले तर मूलभूत हक्कांच्या भागात ते सापडणार नाहीत. न्यायालयांनी कलम २१ चा अर्थ लावता लावता तो काढला. १९९१ चा सुभाष कुमार विरुद्ध बिहार राज्य हा निकाल सगळे वकील पहिल्या दमात सांगतात: प्रदूषणमुक्त पाणी आणि हवा हा जगण्याच्या हक्काचाच भाग आहे. हे वाक्य मीही अर्जांत कितीदा लिहिलं असेल. पण त्या खटल्यात अर्जदार हरला होता, हे फार थोडे जण सांगतात. कोळसा धुण्याच्या कारखान्यांचा गाळ बोकारो नदीत जातो, अशी त्याची तक्रार होती. प्रदूषण मंडळाच्या कागदांवरून न्यायालयाला ती पटली नाही. शिवाय त्या गाळात अर्जदाराचा स्वतःचा धंद्याचा स्वार्थ आहे, असं दिसलं. अर्ज फेटाळला आणि वर खर्चही बसवला. म्हणजे तत्त्व देशाला मिळालं आणि अर्जदार रिकाम्या हाताने घरी गेला. तुमच्या गावाचं तसं होऊ नये, एवढ्याचसाठी हे सगळं लिहिते आहे.

तुम्ही शहरांबद्दल जे वाचलं ते बहुधा २०१४ च्या मुंबई उच्च न्यायालयाच्या निकालाबद्दल असावं. पाणी हक्क समितीने मुंबई महापालिकेविरुद्ध अर्ज केला होता. झोपडी बेकायदा असली तरी माणसाला पिण्याचं पाणी साफ नाकारता येत नाही, असं न्यायालय म्हणालं. कायदेशीर घरमालकाइतकी सोय त्याला मागता येणार नाही, पण पाण्यावाचूनही ठेवता येणार नाही. २०२१ मध्ये त्याच न्यायालयासमोर भिवंडी तालुक्यातल्या कांबे गावचे लोक पाण्यासाठी उभे राहिले. स्वातंत्र्याला पंचाहत्तर वर्षं होत आली तरी लोकांना पाण्यासाठी कोर्टाची पायरी चढावी लागते, याबद्दल न्यायमूर्तींनी खंत व्यक्त केली होती. अतिक्रमणातल्या झोपडीला जो हक्क आहे, तो सातबारावर नाव असलेल्या तुमच्या बाबांना नाही असं कुणी म्हणू शकत नाही.

फरक हक्कात नाही, पण दोन ठिकाणच्या कायद्यांच्या भाषेत आहे. नगरपरिषदांचा आणि नगरपंचायतींचा १९६५ चा कायदा घ्या. त्याच्या कलम ४९ मध्ये पुरेसं पाणी पुरवणं हे बंधनकारक कर्तव्यांत घातलं आहे. आता ग्रामपंचायतींचा १९५८ चा कायदा बघा. कलम ४५ खाली पाणीपुरवठा आहे, पण गावनिधीत जेवढी ऐपत असेल तेवढ्यापुरता. या एका शेपटीमुळे सरपंचाला कायम पळवाट मिळते: "पैसेच नाहीत ना बाप्पा." नगरपालिकेला ही पळवाट सर्वोच्च न्यायालयाने १९८० मध्येच बंद केली. रतलामच्या खटल्यात न्यायमूर्ती कृष्ण अय्यर यांनी स्पष्ट केलं की सार्वजनिक आरोग्याचं मूळ कर्तव्य पैशांची चणचण सांगून टाळता येत नाही. तेव्हा गावच्या बाबतीत पहिली गाठ अशी बांधा की एकट्या ग्रामपंचायतीशी भांडायचं नाही. जिल्हा परिषदेचा ग्रामीण पाणीपुरवठा विभाग, योजना राज्याच्या महाराष्ट्र जीवन प्राधिकरणाची असेल तर ते, जिल्हाधिकारी आणि राज्य शासन, असे सगळे सामनेवाले हवेत. कलम २१ राज्याला बांधतं, आणि लोकांचं आरोग्य सुधारणं हे कलम ४७ मुळे राज्याचंच काम आहे.

नेमका फ्लोराइडवरचा निकाल हवा असेल तर तो शेजारच्या मध्य प्रदेशात आहे. नव्वदच्या दशकात मंडला जिल्ह्यात सरकारने हापशा बसवल्या, त्यांच्या पाण्यात फ्लोराइड जास्त निघालं आणि माणसं वाकली. हमीद खान यांच्या अर्जावर तिथल्या उच्च न्यायालयाने सांगितलं की पाणी लोकांना प्यायला देण्याआधी ते तपासणं सरकारचं काम होतं आणि त्यात सरकार चुकलं. बाधितांवर मोफत उपचार करा, असा आदेशही दिला. दुसऱ्या राज्याचा निकाल मुंबई उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठाला बांधत नाही, पण वजन पडतं. आपल्याकडे फार कमी वकिलांना तो माहीत आहे. मागणीचा अर्ज लिहिताना त्याचा उल्लेख करा.

आता ज्यावर सगळं उभं राहतं ते सांगते: पाण्याचा रिपोर्ट.

वकिलीच्या सुरुवातीच्या वर्षांत एका गावचे लोक माझ्याकडे आले होते. एक म्हातारा काठी टेकत आला. "मॅडम, पानी तं भरपूर हाय, पन थेच आमाले खाऊन राह्यलं," म्हणाला. मी तरुण होते, पेटले. वर्तमानपत्रातली कात्रणं, मुलांच्या दातांचे फोटो, दीडशे अंगठे-सह्या, सगळं जमवलं. रिपोर्टही होता. त्यावर गावाचं नाव होतं, तारीख होती, फ्लोराइडचा आकडा दोनच्या वर होता. सरकारी वकिलाने शांतपणे विचारलं, "कोणती हापशी?" गावात हापशा पाच. माझ्या रिपोर्टावर नुसतं "हातपंप, मौजे अमुक" एवढंच होतं. त्यांनी शाळेजवळच्या हापशीचा रिपोर्ट काढला, त्यात आकडा एकच्या आत. नमुना कुणी घेतला, कशात घेतला, हेही मला सांगता येईना; पोरांनी थंड पेयाच्या रिकाम्या बाटलीत पाणी भरून नेलं होतं. आमचं प्रकरण "प्रशासनाने तपासणी करावी" एवढ्या ओळीवर निकाली निघालं. तो म्हातारा निकालाच्या दिवशी आला नव्हता, याचं मला तेव्हा बरं वाटलं होतं.

म्हणून आता मी कुठलाही अर्ज लिहिण्याआधी लोकांना परत गावात पाठवते. नमुना असा घ्यायचा. हापशी चार-पाच मिनिटं चालवून द्यायची. स्वच्छ प्लास्टिकचा लिटरभराचा डबा त्याच पाण्याने तीनदा विसळायचा आणि गळ्यापर्यंत भरायचा. डब्यावर गाव, वस्ती, हापशी कुणाच्या घरासमोर आहे ते, तारीख, वेळ लिहायचं. हापशीसकट डब्याचा मोबाइलवर फोटो काढायचा. फोटोत जागेची नोंद येत असेल तर फारच छान. ग्रामपंचायतीचा जलसुरक्षक (पाण्याचं काम बघणारा) आणि दोन गावकरी यांच्या सह्यांचा साध्या कागदावर पंचनामा करायचा. मग तो डबा भूजल सर्वेक्षण यंत्रणेच्या जिल्ह्याच्या किंवा उपविभागाच्या प्रयोगशाळेत द्यायचा आणि पोच घ्यायची. जंतूंची तपासणी हवी असेल तर हा डबा चालत नाही. त्यासाठी निर्जंतुक बाटली प्रयोगशाळेतूनच आणावी लागते आणि बर्फात ठेवून चोवीस तासांच्या आत पोचवावी लागते. एक नमुना उन्हाळ्यातला, एक पावसाळ्यानंतरचा. प्रत्येक हापशीचा, प्रत्येक विहिरीचा, टाकीचा आणि नळ येत असेल तर शेवटच्या घरातल्या नळाचासुद्धा.

रिपोर्ट हातात आला की कुठले आकडे बघायचे? भारतीय मानक १०५००, २०१२ सालचं, त्यात फ्लोराइड लिटरला १ मिलिग्रॅमपर्यंत चालतं. दुसरा स्रोतच नसेल तर १.५ पर्यंत. त्यापुढे सूट नाही. नायट्रेट ४५, त्याला तर सूटच नाही. विरघळलेले क्षार ५०० पर्यंत चांगले, नाइलाजाने २००० पर्यंत. अकोला, अमरावती, बुलढाण्याच्या खारपाणपट्ट्यातले लोक हे वाचत असतील तर त्यांनी क्षारांचा हा आकडा आधी बघावा. १०० मिलिलिटर पाण्यात ई-कोलाय जंतू एकही नको. तुमच्या रिपोर्टात फ्लोराइड १.५ च्या वर असेल तर तुमचा अर्ज उभा राहिला असं समजा. १ ते १.५ च्या मध्ये असेल तर भांडण लांबेल, कारण "दुसरा स्रोत आहे की नाही" यावर वाद होईल.

एक समज मात्र काढून टाका. टीसीएल (ब्लीचिंग) पावडर टाकून फ्लोराइड जात नाही, ती जंतूंसाठी असते. उकळून तर पाणी आटतं आणि फ्लोराइड उलट दाट होतं. तुमच्या आईला हे सांगाच, कारण "उकळून प्या" हा सल्ला आरोग्य केंद्रातून सरसकट दिला जातो. गावकऱ्यांची दुसरी आवडती मागणी असते: अजून खोल बोअर मारून द्या. पाणी जितकं खोल आणि जितका काळ खडकाला लागून, तितकं फ्लोराइड त्यात उतरण्याची शक्यता जास्त. मी अशा मागणीच्या अर्जावर सही करत नाही. गावातली जुनी उघडी विहीर, जिच्यावर आता कुणी जात नाही, तिचं पाणी पुष्कळदा बरं निघतं. तिला झाकण, जाळी आणि क्लोरिन लागेल, पण आधी ती तपासून घ्या.

आता नळयोजनेकडे येते. जलजीवन मिशन १५ ऑगस्ट २०१९ ला जाहीर झालं. माणशी रोज ५५ लिटर, तेही १०५०० च्या मानकात बसणारं, असं त्याचं स्वतःचं वचन आहे. यात दोन गोष्टी आपल्या कामाच्या आहेत. एक, दूषित पाण्याच्या गावांना मोठी योजना पोचेपर्यंत शुद्धीकरण यंत्र बसवून पिण्या-रांधण्यापुरतं माणशी ८ ते १० लिटर पाणी द्यावं, असं मार्गदर्शक सूचनांमध्येच आहे. कोर्टात पहिल्या तारखेला मी हेच मागते. पूर्ण योजना मागितली की चार वर्षांचा कार्यक्रम हातात येतो, दहा लिटर मागितले की न्यायाधीश समोरच्याला विचारतात, "हे का देत नाही?" दुसरी गोष्ट, एखाद्या गावाला "हर घर जल" प्रमाणित करायचं तर खात्याचा पूर्णत्वाचा दाखला ग्रामसभेत वाचून ग्रामसभेने ठराव करावा लागतो. तुमचं गाव प्रमाणित दाखवलं असेल तर तो ठराव कोणत्या तारखेचा, कोण हजर होतं, सह्या कुणाच्या, हे मागा. आमच्याकडच्या एका गावात हजेरीच्या यादीत दोन वर्षांआधी वारलेल्या आजीचा अंगठा सापडला होता. त्यानंतर कंत्राटदार आठ दिवसांत पाइप घेऊन हजर झाला. आमचा युक्तिवाद ऐकायलाही कुणी थांबलं नाही.

कागद मिळवायला माहितीचा अधिकार. दहा रुपयांचा कोर्ट फी स्टॅम्प, एका अर्जात एकच विषय, तोही दीडशे शब्दांत. आपल्या राज्याचा नियमच तसा आहे. म्हणून वेगवेगळे अर्ज करा: कार्यारंभ आदेश आणि अंदाजपत्रक एकात, मोजमाप पुस्तिकेची नक्कल दुसऱ्यात, मागच्या तीन वर्षांचे सगळ्या स्रोतांचे तपासणी अहवाल तिसऱ्यात, ग्रामसभेचा ठराव चौथ्यात. तीस दिवस थांबा, नाही मिळालं तर पहिलं अपील. मोजमाप पुस्तिकेत साडेतीन किलोमीटर पाइपलाइन लिहिलेली असते आणि गावाची लांबीच दीड किलोमीटर असते, अशी गंमत बघायची असेल तर ती तिथेच दिसते.

नळ कोरडे असण्याचं कारण मात्र आधी नीट शोधा. काही गावांत टाकी, पाइप, मोटर सगळं ठीक असतं, विजेचं बिल थकलेलं असतं. हे क्षुल्लक वाटेल. २०२२ च्या जुलैत मेळघाटात पाचडोंगरी आणि कोयलारीला वीज तोडल्यामुळे नळ बंद पडले, लोक उघड्या विहिरीचं पाणी प्यायले आणि माणसं दगावली. तुमच्या गावी असं कारण असेल तर उच्च न्यायालयात जायची गरज नाही. २०२१ ते २०२६ या काळातल्या १५ व्या वित्त आयोगाच्या निधीतला साठ टक्के भाग बंधित, म्हणजे ठरावीक कामांसाठीच, होता आणि त्यातला निम्मा पिण्याच्या पाण्यासाठी राखलेला होता. तो कशावर खर्च झाला ते ई-ग्रामस्वराजच्या संकेतस्थळावर दिसतं. तुमचा तालुका अनुसूचित क्षेत्रात येत असेल तर पेसाचा, म्हणजे आदिवासी भागांसाठीच्या पंचायत कायद्याखालचा, पाच टक्के निधीही थेट ग्रामपंचायतीकडे येतो. "पैसेच नाहीत" म्हणणाऱ्याला ग्रामसभेत हे आकडे वाचून दाखवा. त्याआधी महिलांची सभा होते, तिथे तुमच्या आईला बोलू द्या. पाण्याचे गुंड डोक्यावर घेऊन कोण किती लांब जातं, हे बाया सांगतात तेव्हा सभेला घड्याळ बघता येत नाही.

हापशीशेजारी नाली तुंबली असेल, गोठ्याचं पाणी विहिरीत मुरत असेल, तर एक झटपट रस्ता उपविभागीय दंडाधिकाऱ्यांकडे आहे. पूर्वी फौजदारी प्रक्रिया संहितेचं कलम १३३ होतं, आता भारतीय नागरिक सुरक्षा संहितेचं १५२ आहे. सार्वजनिक उपद्रव हटवण्याचा आदेश त्यातून मिळतो. रतलामचा खटला याच कलमातून वर गेला होता. फ्लोराइडला हा रस्ता चालत नाही, तो खडकातून येतो; खडकाला नोटीस देता येत नाही.

तुमच्या प्रश्नात नाही, पण विचारून ठेवते. गावात पोड किंवा वेगळा मोहल्ला आहे का आणि त्यांचे नळ कुठपर्यंत गेलेत? अनुसूचित जातीच्या किंवा आदिवासी माणसाला सार्वजनिक पाणवठ्यावर अडवणं हा अत्याचार प्रतिबंधक कायद्याखाली सरळ गुन्हा आहे. तिथे पोलीस ठाणं गाठायचं, ग्रामसभेची वाट बघायची नाही. कोलाम या आदिवासी जमातीची वस्ती असेल तर २०२३ मध्ये अतिमागास आदिवासींसाठी सुरू झालेल्या पीएम-जनमन योजनेत नळाचं पाणीही मोडतं. अर्जात त्या वस्तीचं नाव वेगळं लिहा, नाहीतर टाकी गावठाणात बांधून मोकळे होतात.

हे सगळं करून हलत नसेल तर नागपूर खंडपीठ. तिथे घटनेच्या कलम २२६ खाली आदेश मागताना पहिला प्रश्न येतो: तुम्ही मागणी केली होती का आणि त्यांनी नाकारली का? म्हणून रिपोर्ट जोडून गटविकास अधिकारी, कार्यकारी अभियंता आणि जिल्हाधिकारी यांना लेखी मागणी द्या. पोचेवर शिक्का घ्या, महिनाभर वाट बघा. महिन्याच्या पहिल्या सोमवारी जिल्ह्याच्या लोकशाही दिनात तोच कागद पुन्हा द्या. उत्तर आलं नाही, तर ते न येणं हाच नकार. वकिलाच्या फीची काळजी करू नका. महिलांना, अनुसूचित जाती-जमातींना विधी सेवा कायद्याच्या कलम १२ खाली मोफत वकील मिळतो. अर्ज तालुका विधी सेवा समितीकडे द्या. अर्जदार म्हणून तुमच्या वहिनीचं नाव घाला. तुम्ही नागपूरचे भाडेकरू. ती ते पाणी रोज पिते आणि लेकीला पाजते.

पुतणीचं वय तुम्ही लिहिलेलं नाही. कायमच्या दातांवरचं आवरण साधारण आठव्या वर्षापर्यंत बनत असतं. ती त्याहून मोठी असेल तर दातांवरचे पट्टे पाणी बदलून जायचे नाहीत, पण हाडं आणि सांधे वाचवायला पाणी बदलावंच लागेल. घरात तिच्याहून धाकटं लेकरू असेल तर त्याचे दात अजून वाचतात. कोर्टाच्या तारखेची वाट न बघता प्यायला आणि रांधायला लागणारं पाणी आजपासून वेगळं आणा. आरओचा कॅन असो की शेजारच्या शिवारातली विहीर, पाणी तपासलेलं असलं म्हणजे झालं. आंघोळ, धुणं, गुरं यांना हापशी चालेल. पुढच्या शनिवारी गावी जाल तेव्हा पाच डबे सोबत न्या, आणि त्यातला एक त्या जुन्या विहिरीसाठी ठेवा.